डीएलएल मिसिंग म्हणतंय? आधी भांड्यावरचं नाव वाचा

दिवाळीच्या सुट्टीत मिरजेहून भाच्याचा फोन. "मामा, गेम उघडंना झालाय ओ, कायतर डीएलएल नाही म्हणतंय." मी म्हटलं मेसेजचा फोटो पाठव आणि मी येईपर्यंत हात लावू नकोस कशाला. पण पोरगं कुठलं ऐकतंय. मी सांगलीच्या विश्रामबागेतनं निघून तिथं पोचेपर्यंत साहेबांनी एका साइटवरनं ती फाइल उतरवून सिस्टिम३२ मध्ये टाकली, मेसेज तोच राहिला म्हणून दुसऱ्या साइटवरनं झिप उतरवून ती गेमच्याच फोल्डरात टाकली, मग मेसेज बदलून ०xसी०००००७बी असला आकडा यायला लागला, आणि शेवटी कुठल्यातरी व्हिडिओत बघून रेगएसव्हीआर३२ ची कमांड मारली, तर त्यानं एंट्री पॉइंटच सापडत नाही म्हणून सांगितलं. ताईनं भडंग आणि चहा समोर ठेवला आणि म्हणाली, "तूच बघ बाबा, नायतर कॉम्प्युटर दुकानात टाकतो म्हणतोय."

मी काय इंजिनिअर नाही, फ्लेक्स आणि पत्रिका डिझाइनचं काम करतो, पण ग्राफिक्स कार्ड आणि ड्रायव्हर, म्हणजे विंडोजला ते कार्ड वापरायला शिकवणारं सॉफ्टवेअर, ह्यांच्याशी माझी रोजचीच झटापट. आणि हा डीएलएलचा फोन मला वर्षातनं चार-पाच वेळा तरी येतो. म्हणून एकदा सगळं लिहूनच काढतो.

सुरुवातीलाच एक गोष्ट, फाइलींची आणि कमांडची नावं मी इथं देवनागरीत लिहितोय, स्क्रीनवर ती इंग्रजी अक्षरात दिसतील आणि टाइप करताना पण इंग्रजीतच करायची.

आता डीएलएल म्हणजे काय ते. गावात लग्न निघालं की कोण काय शंभर माणसाची पातेली विकत घेत नाही, तालीम मंडळाची नाहीतर भावकीतली भांडी आणायची, काम झालं की परत. डीएलएल तसंच, प्रत्येक गेमनं थ्रीडी चित्र काढायचा कोड स्वतः लिहीत बसायचं नाही, कॉम्प्युटरवर सगळ्यांसाठी ठेवलेली फाइल वापरायची. आणि जशी भांड्यावर नावं कोरलेली असतात तशी फाइलच्या नावातच ती कुणाची ते लिहिलेलं असतं. मेसेजमध्ये जे नाव आलंय ते बघून त्याच्या मालकाच्या घरी जायचं आणि अख्खा सेट मागायचा. रस्त्यावर सापडलेलं एक सुटं झाकण आणून पातेल्यावर बसवायचं नाही. साइटवरनं सुटी डीएलएल उतरवणं म्हणजे नेमकं तेच, आणि वर त्यात व्हायरस असला तर कळत पण नाही.

आधी केलेली घाण काढा

तुम्ही पण भाच्यासारखं काही पेस्ट करून बसला असाल तर पहिलं ते काढायचं. गेमच्या फोल्डरात तारखेनुसार फाइली लावा, आज टाकलेल्या वर येतील, त्या डिलीट. सिस्टिम३२ मधनं मात्र फक्त आणि फक्त तुम्ही स्वतः टाकलेली, नाव नक्की आठवत असलेली फाइलच काढा, तिथं शंका आली तर हात मागं घ्या. मग विंडोज सिक्युरिटी उघडून फुल स्कॅन लावून द्या आणि तोवर चहा घ्या.

भाच्याचं काय चुकलं ते इथंच सांगतो, कारण हे नव्वद टक्के लोकांना माहीत नसतं. चौसष्ट बिट विंडोजमध्ये सिस्टिम३२ नावाच्या फोल्डरात चौसष्ट बिटच्या फाइली असतात, आणि सिसवॉव६४ नावाच्या फोल्डरात बत्तीस बिटच्या. होय, उलटं. नाव ठेवणाऱ्याला काय सुचलं देव जाणे, पण जुने प्रोग्राम सिस्टिम३२ हेच नाव धरून बसलेले म्हणून ते बदलता आलं नाही. आता जुना गेम बत्तीस बिटचा, तो सिस्टिम३२ मागतो तेव्हा विंडोज त्याला गुपचूप सिसवॉव६४ कडं वळवतं, म्हणजे भाच्यानं सिस्टिम३२ मध्ये टाकलेली फाइल गेमला कधी दिसलीच नाही. दुसऱ्या वेळी त्यानं चौसष्ट बिटची फाइल बत्तीस बिटच्या गेमशेजारी टाकली, ती दिसली पण चालली नाही, तोच तो ०xसी०००००७बी. हा आकडा आला की समजायचं बत्तीस-चौसष्टची खिचडी झालीय. आणि ती रेगएसव्हीआर३२ ची कमांड वेगळ्या जातीच्या फाइलींसाठी असते, ह्या ग्राफिक्सच्या फाइलींना रजिस्टर करायची गरजच नसते.

नाव वाचून घर ओळखा

सगळ्यात जास्त येणारं खानदान म्हणजे डी३डीएक्स९ आणि पुढं नंबर, उदाहरणार्थ डी३डीएक्स९_४३.डीएलएल. ह्यांचीच भावंडं डी३डीएक्स१०_४३, डी३डीएक्स११_४३, डी३डीकंपायलर_४३, एक्सइनपुट१_३, एक्स३डीऑडिओ१_७. ही सगळी एकाच घरातली, मायक्रोसॉफ्टचा डायरेक्टएक्स एंड यूजर रनटाइम, जून २०१० चा. डायरेक्टएक्स म्हणजे गेम ज्या भाषेत कार्डाशी बोलतो ती.

इथं लोक भांडतात, "माझ्याकडं डायरेक्टएक्स १२ आहे की, मग ९ ची फाइल कशी नाही?" आहेच तुमच्याकडं १२, पण डी३डीएक्स हा मूळ डायरेक्टएक्सचा भाग नाही, ती गेम बनवणाऱ्यांच्या सोयीसाठी दिलेली जोडफाइल होती, विंडोजबरोबर येत नव्हती, गेमच्या सीडीबरोबर यायची. फेब्रुवारी २००५ मध्ये २४ नंबर आला, मग काही महिन्यांनी नवा, असं करत जून २०१० ला ४३ वर गाडी थांबली. ज्या गेमला ३१ नंबर लागतो त्याला ३१ च पाहिजे, ४३ चं नाव बदलून ३१ ठेवायचा शहाणपणा करू नका, सुरू झाल्यासारखं वाटलं तरी मध्येच कुठंतरी आपटणार. जून २०१० च्या पॅकेजात हे सगळे नंबर एकदम येतात आणि बत्तीस, चौसष्ट दोन्ही आपापल्या जागी बसतात, तुम्हाला काही ठरवावं लागत नाही.

नंबर नीट वाचायचा हे पण महत्त्वाचं. एक्सइनपुट१_३ जुन्या पॅकेजातली, पण एक्सइनपुट१_४ विंडोजचीच. डी३डीकंपायलर_४३ पॅकेजातली, ४७ मात्र विंडोज १० बरोबरच येते. एका आकड्यानं घर बदलतं.

दुसरं खानदान एमएसव्हीसीपी१४०, व्हीसीरनटाइम१४०, एमएसव्हीसीआर१०० असलं. ह्या ग्राफिक्सच्या फाइली नव्हेत, पण गेम चालू करताना ह्यांचाच गोंधळ जास्त म्हणून सांगतो. ह्यांचं घर व्हिज्युअल सी प्लस प्लस रिडिस्ट्रिब्युटेबल. १०० म्हणजे २०१० चं, ११० म्हणजे २०१२ चं, १२० म्हणजे २०१३ चं, आणि १४० असेल तर २०१५ पासून पुढचं सगळं एकाच पॅकेजात. विंडोज चौसष्ट बिट असलं तरी एक्स८६ (बत्तीस बिटचा) आणि एक्स६४ (चौसष्ट बिटचा) दोन्ही टाकायचे, जुने वाटतात म्हणून कंट्रोल पॅनेलमधनं आधीचे काढून टाकू नका, एका लग्नाला एक भांडं, दुसऱ्याला दुसरं.

तिसरं, डी३डी९, डी३डी११, डी३डी१२, डीएक्सजीआय, डीड्रॉ, ओपनजीएल३२, नुसतं नाव, पुढं एक्स नाही. ही विंडोजची स्वतःची. ह्यातली एखादी मिसिंग आली तर विंडोजच आजारी आहे, त्याचं औषध खाली सांगतो. आणि हीच फाइल जर गेमच्या फोल्डरात बसलेली दिसली तर ती कुणीतरी मुद्दाम ठेवलीय, मॉड, रीशेड, डीएक्सव्हीके असलं गेमचं चित्र नाहीतर वागणं बदलणारं काहीतरी. विंडोज साधारणपणे आधी गेमच्या फोल्डरात बघतं मग सिस्टिममध्ये, म्हणून ही युक्ती चालते आणि म्हणूनच गेम उगाच क्रॅश व्हायला लागला की मी पहिलं तिथं बघतो. तात्पुरतं नाव बदलून ठेवा, गेम चालला तर चोर सापडला.

चौथं म्हणजे ड्रायव्हरच्या फाइली. एनव्हीनं सुरू होणारी एनव्हीडियाची, जसं एनव्हीओजीएलव्ही६४. एटीआयओ६एएक्सएक्स ही एएमडीची. आयजी नं सुरू होऊन पुढं आयसीडी६४ असली तर इंटेलची. आणि व्हल्कन-१.डीएलएल पण ड्रायव्हरच टाकतो, व्हल्कन ही डायरेक्टएक्ससारखीच कार्डाशी बोलायची दुसरी भाषा. ही नावं आली की फाइल शोधत हिंडायचं नाही, अख्खा ड्रायव्हर परत टाकायचा.

उरलेलं किरकोळ. फिजएक्सलोडर आलं तर एनव्हीडियाचं फिजएक्स सिस्टिम सॉफ्टवेअर, ओपनएएल३२ आलं तर ओपनएएलचा इन्स्टॉलर, बिंकडब्ल्यू३२ गेमची स्वतःची. स्टीम एपीआय नावाची फाइल गायब असेल तर बहुतेक वेळा गेम क्रॅक केलेला असतो आणि अँटिव्हायरसनं ती उचललेली असते, तिथं मी मदत करत नाही, स्पष्ट सांगतो.

आता कामाला लागा

पहिलं काम फुकटचं. गेम स्टीमवरचा असेल तर लायब्ररीत गेमवर राइट क्लिक, प्रॉपर्टीज, इन्स्टॉल्ड फाइल्स, तिथं व्हेरिफाय करायचं बटण आहे ते दाबा. पुष्कळ गेमच्या फोल्डरात नाहीतर शेजारी कॉमनरिडिस्ट नावाचं फोल्डर असतं, त्यात डायरेक्टएक्स आणि व्हीसी प्लस प्लसचे इन्स्टॉलर आयते पडलेले असतात. नेट स्लो असलं की हे सोनं.

ते नसेल तर मायक्रोसॉफ्टच्याच साइटवरनं जून २०१० चं डायरेक्टएक्स उतरवा. वेब इन्स्टॉलर आणि ऑफलाइन असे दोन प्रकार, मी ऑफलाइन घेतो, शंभर एमबीच्या आतच आहे, आणि पेन ड्राइव्हवर ठेवला की पुढच्या भाच्याला पण होतो. हा चालवला की तो इन्स्टॉल होत नाही बरं का, तो विचारतो फाइली कुठं सोडू. इथं नवीन रिकामं फोल्डर करून द्या, डेस्कटॉप देऊ नका, मी एकदा दिला होता, शंभरावर कॅब फाइली डेस्कटॉपभर पसरल्या आणि गिऱ्हाईक मागं उभं. सोडून झालं की त्याच फोल्डरात डीएक्ससेटअप नावाची फाइल आहे ती चालवायची, हीच खरी स्टेप आणि हीच लोक विसरतात. झालं की ते फोल्डर डिलीट केलं तरी चालतं. तुमच्या डायरेक्टएक्स १२ ला ह्यानं काही होत नाही, निर्धास्त राहा.

मग व्हीसी प्लस प्लसचे दोन्ही. रिस्टार्ट. गेम लावून बघा. दहातल्या सहा-सात घरी मी इथूनच चहा पिऊन परत येतो.

ड्रायव्हरचं प्रकरण

इथं जरा बसून बोलू, कारण खरी डोकेदुखी हीच. स्टार्टमध्ये डीएक्सडायग टाइप करून उघडा, डिस्प्ले टॅबवर जा. कार्डाचं नाव दिसलं तर ठीक, पण तिथं मायक्रोसॉफ्ट बेसिक डिस्प्ले अडॅप्टर असं दिसलं तर तुमच्याकडं ड्रायव्हरच नाही, विंडोज नुसतं पडदा पेटवून बसलंय. माझ्याकडं हे झालेलं, ड्रायव्हर अपडेट निम्म्यावर असताना लाईट गेली, यूपीएसची बॅटरी कधीच मेलेली, परत चालू केलं तर सगळी अक्षरं ढब्बू आणि फोटोशॉपमध्ये ग्राफिक्स प्रोसेसरचा पर्याय पुसट. उद्याच्या वाढदिवसाचा फ्लेक्स द्यायचा होता, कार्यकर्ते खाली गाड्या लावून बसलेले. तेव्हापासून ढग गडगडत असले की ड्रायव्हरला हात लावत नाही.

ड्रायव्हर कुठला घ्यायचा? एनव्हीडिया, एएमडी, इंटेल ज्याचं कार्ड त्याच्याच साइटवरनं. लॅपटॉप असेल तर आधी लॅपटॉप कंपनीच्या साइटवर मॉडेल टाकून बघा. ड्रायव्हर अपडेटर म्हणून जी सॉफ्टवेअरं मिळतात ती टाकू नका. साधा ड्रायव्हर वरनं टाकून काम झालं तर थांबा. नाही झालं, जुने अवशेष नडतायत असं वाटलं, तर डीडीयू, म्हणजे डिस्प्ले ड्रायव्हर अनइन्स्टॉलर. ह्याचा क्रम मोडायचा नाही. नवा ड्रायव्हर आधीच उतरवून ठेवा. रिस्टोअर पॉइंट करा. बिटलॉकर, म्हणजे विंडोजचं डिस्कला लावलेलं कुलूप, चालू असेल तर त्याची की मोबाइलमध्ये नाहीतर कागदावर लिहून घ्या, सेफ मोडला जाताना विचारली तर बोंब नको. मग नेटची वायर काढा, वायफाय बंद करा, नाहीतर तुम्ही जुना ड्रायव्हर काढेपर्यंत विंडोज अपडेट स्वतःच्या मनानं तिसराच टाकून मोकळं होतं. सेफ मोडमध्ये जाऊन डीडीयू चालवा, क्लीन अँड रिस्टार्ट, नॉर्मल विंडोजमध्ये आल्यावर उतरवलेला ड्रायव्हर टाका, पुन्हा रिस्टार्ट, आणि मगच नेट जोडा.

आणि हे सगळं करायच्या आधी, हसू नका, कॉम्प्युटरच्या मागं जाऊन मॉनिटरची वायर कुठं लावलीय ते बघा. कार्ड वेगळं घेतलंय आणि वायर मदरबोर्डच्या एचडीएमआयला. एका ओळखीच्यांकडं दुकानातनं जोडून आलेला पीसी तसाच आठ महिने चालला, कार्ड आत नुसतं पंखा फिरवत बसलेलं आणि हे म्हणतात महागाचं कार्ड घेऊन पण गेम अडकतोय.

ओपनजीएलचं पण इथंच सांगतो, ती पण कार्डाशी बोलायची एक जुनी भाषा. माइनक्राफ्टवाल्या पोरांना जीएलएफडब्ल्यू एरर ६५५४२ येतो, ड्रायव्हर ओपनजीएलला सपोर्ट करत नाही म्हणून. पोरं लगेच ओपनजीएल३२.डीएलएल शोधत सुटतात. ती फाइल तर प्रत्येक विंडोजमध्ये असतेच, पण ती दारावरच्या वॉचमनसारखी आहे, तिच्या स्वतःकडं फक्त ओपनजीएल १.१ आहे, १९९७ च्या जमान्यातलं, बाकी सगळं काम ती ड्रायव्हरच्या फाइलीकडं पाठवते. ड्रायव्हर नसेल तर वॉचमन एकटा काय करणार. बाहेरनं आणलेल्या काही ओपनजीएल३२ फाइलींनी गेम चालू होतो सुद्धा, कारण त्या सगळं चित्र प्रोसेसरकडनं काढून घेतात, मग सेकंदाला चार फ्रेम मिळतात आणि पंखा ओरडतो. म्हणजे परत ड्रायव्हरच.

विंडोजच बिघडलं असेल तर

सर्चमध्ये सीएमडी टाइप करा, राइट क्लिक, रन ॲज ॲडमिनिस्ट्रेटर. आधी डीआयएसएम /ऑनलाइन /क्लीनअप-इमेज /रिस्टोअरहेल्थ, नेट चालू पाहिजे, मध्ये बराच वेळ एकाच टक्क्यावर थांबल्यासारखं वाटतं, बंद करू नका. ते झालं की एसएफसी /स्कॅननाऊ. क्रम असाच, कारण दुसरी कमांड ज्या साठ्यातनं चांगल्या फाइली उचलते तो साठा पहिली कमांड दुरुस्त करते.

फारच जुना, नव्वदीतला वगैरे गेम असेल तर टर्न विंडोज फीचर्स ऑन मध्ये लेगसी कंपोनंट्सखाली डायरेक्टप्ले असतं, ते टिक करा. तरी रंग फाटत असतील तर डीजीव्हूडू२, आणि गेम डायरेक्टएक्स ८ किंवा त्यापुढचा असेल तर डीएक्सव्हीके पण चालतं, दोन्ही जुनी भाषा नव्या कार्डाला समजेल अशी करून देतात. फक्त डीएक्सव्हीकेच्या २ नंबरच्या पुढच्या आवृत्तीला व्हल्कन १.३ वालं कार्ड लागतं, जुन्या कार्डावर ती चालणार नाही.

लिनक्सवाल्यांसाठी दोनच ओळी. तिथं डीएलएलच्या जागी लिबजीएल.एसओ.१ असलं नाव येतं, स्टीमच्या जुन्या गेमला मेसाचं, म्हणजे लिनक्सच्या ग्राफिक्स ड्रायव्हरचं, बत्तीस बिटचं पॅकेज लागतं ते पॅकेज मॅनेजरमधनंच टाका, आणि जीएलएक्सइन्फो -बी मारल्यावर रेंडररसमोर एलएलव्हीएमपाइप दिसलं तर कार्ड झोपलंय, प्रोसेसर राबतोय.

कार्डच पोचत नसेल तर

हे कुणी सांगत नाही म्हणून सांगतो. डीएक्सडायगच्या डिस्प्ले टॅबवर फीचर लेव्हल्स अशी ओळ आहे, ती बघा. डायरेक्टएक्स व्हर्जन १२ हे विंडोजचं, फीचर लेव्हल तुमच्या कार्डाची, म्हणजे कार्डाला प्रत्यक्षात किती जमतं ते. गेमला ११_० पाहिजे आणि तुमच्या यादीत १०_१ वरच गाडी थांबली असेल तर जगातली कुठलीच डीएलएल ते भरून काढणार नाही.

आपल्याकडं ऑफिसातनं निघालेले जुने पीसी सेकंड हँड भरपूर मिळतात. त्यात दुसऱ्या पिढीचा आय३ नाहीतर आय५ असेल तर आतलं एचडी २००० किंवा ३००० ग्राफिक्स डायरेक्टएक्स १०.१ पर्यंतच जातं, व्हल्कन नाहीच. चौथ्या पिढीवाल्यांची वेगळीच मजा, त्यांच्याकडं डायरेक्टएक्स १२ आधी चालायचं, पण सुरक्षेतली त्रुटी निघाल्यामुळं इंटेलनं नंतरच्या ड्रायव्हरमध्ये ते बंदच करून टाकलं, ११ चालतं. जीटी ७१० कार्ड अजून दुकानात दिसतं, ते फीचर लेव्हल ११_० पर्यंत, आणि त्याच्या पिढीचे गेमसाठीचे नवे ड्रायव्हर एनव्हीडियानं २०२१ मध्येच थांबवले. घ्यायच्या आधी दुकानदाराला डीएक्सडायग उघडून दाखवा म्हणायचं, लाजायचं नाही.

तर मिरजेत काय झालं. भाच्याच्या मेसेजात डी३डीएक्स९_४३ होतं, म्हणजे जून २०१० चं घर. टाकलेल्या फाइली काढल्या, पेन ड्राइव्हवरनं डायरेक्टएक्स घातलं, मेसेज गेला पण गेम काळा पडदा दाखवून बंद. डीएक्सडायग उघडलं तर ड्रायव्हर २०१९ चा. डीडीयू, नवा ड्रायव्हर, दोन रिस्टार्ट, गेम सुरू. मी चपला घालून दारापर्यंत आलो आणि आतनं हाक, "मामा, आता आवाजच येईना ओ!"

नव्या ग्राफिक्स ड्रायव्हरबरोबर एचडीएमआयचा ऑडिओ पण येतो, आणि विंडोज आवाज स्पीकरऐवजी मॉनिटरकडं पाठवायला लागतं, मॉनिटरला बऱ्याचदा स्पीकरच नसतो. खाली उजवीकडं स्पीकरच्या चिन्हावर क्लिक करून आउटपुट परत स्पीकरवर करायचं. चपला घालूनच केलं.